तांदळातली फ्लॉपी

आधी माफी मागते. माझं शिक्षण चौथीपर्यंतच झालं, त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका होणार. अक्षरही चांगलं नाही. ओळ सरळ सुरू करते आणि पानाच्या कडेला जाईपर्यंत ती खाली उतरते. हे मी माझ्या मुलीच्या, वैशालीच्या, जुन्या वहीत मागच्या कोऱ्या पानांवर लिहिते आहे. दिवाळी अंकांत लोक आपले असे अनुभव लिहून पाठवतात, ते मी नेहमी वाचते. हे पाठवेन की नाही, माहीत नाही. पण लिहून ठेवते.

माझा असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. घरात कुणी आजारी पडलं की शेजारचे भगताकडे जायला सांगायचे, मी सरळ दवाखान्यात जाऊन केसपेपर काढायची. चिंचेखाली तिन्हीसांजेला जाऊ नको म्हणायचे, मी तिथूनच सरपण उचलून आणायची. भीती मला माणसांची वाटते. चार माणसांत बोलायचं म्हटलं की माझी जीभ टाळूला चिकटते.

मुरबाडला बाजारपेठेच्या मागच्या आळीत आमचं दोन खोल्यांचं घर. बाहेरच्या खोलीत मिस्टरांचा कॉम्प्युटर, आतल्या खोलीत माझा स्वयंपाक. मिस्टर मराठी टायपिंगची कामं करायचे – लग्नाच्या पत्रिका, अर्ज, क्रिकेटच्या सामन्यांची पत्रकं. कॉम्प्युटर सेकंडहँड होता, पण त्यातला मराठीचा प्रोग्राम नवा आणि महाग होता. ह्या सगळ्यासाठी पैसे दिले होते माझ्या मोठ्या नणंदेनं, शहापूरच्या कुसुमवन्संनी. पैसे म्हणजे त्यांनी लग्नातल्या पाटल्या मोडून दिल्या होत्या, तेही सासरी कुणाला न सांगता. "वसंता, माझ्या पोरीच्या लग्नापर्यंत मला परत दे. तेव्हा सगळे माझ्या हाताकडे बघतील," एवढंच त्या म्हणाल्या होत्या. वसंत म्हणजे माझे मिस्टर. ते दर महिन्याला जमेल तसं देत होते.

आता फ्लॉपीचं सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. त्या मराठीच्या प्रोग्रामबरोबर एक काळी फ्लॉपी आली होती. प्रोग्राम मशीनवर टाकायचा तर ती फ्लॉपी लागायची, आणि तिच्यात टाकण्याची परवानगी एकदाचीच. प्रोग्राम मशीनवर गेला की फ्लॉपीत शून्य उरायचं. मशीन बिघडलं, सगळं पुसून विंडोज पुन्हा टाकायची वेळ आली, की आधी ती परवानगी मशीनवरून फ्लॉपीत परत घ्यायची. मग शून्याचा एक व्हायचा. तसं न करता मशीन पुसलं तर परवानगीही पुसली गेली... मग नवा प्रोग्राम विकत घ्या.

मिस्टर ह्याबाबत फार काटेकोर होते. आमच्याकडे पावसाळ्यात फ्लॉप्यांना बुरशी धरते. म्हणून ही फ्लॉपी ते दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत गुंडाळून माझ्या तांदळाच्या डब्यात ठेवायचे. तांदूळ ओल खेचून घेतो. मशीन पुसायचं असलं की बाहेरच्या खोलीतून हाक यायची, "शेवंता, तांदळातलं काढ गो!" मी तांदूळ बाजूला करून ती काढून द्यायची. मग मशीनमधून खर्र... खर्र... खर्र... असा तीनदा आवाज, आणि शेवटी टक्. तो टक् झाला की ते म्हणायचे, "आलं परत." मग फ्लॉपी पुन्हा तांदळात. मला इंग्रजी येत नाही, पण हा क्रम मला दळण-कांडणासारखा पाठ होता.

दोन हजार तीनच्या पावसाळ्यात मिस्टर काविळीनं आठ दिवसांत गेले. पाटल्यांचे निम्मे पैसे फिटले होते, निम्मे राहिले होते.

वैशाली तेव्हा बारावी झाली होती. वडिलांच्या शेजारी बसून टायपिंग शिकली होती, तिनं काम पुढे चालू ठेवलं. वन्संच्या मुलीचं लग्न पुढच्या वैशाखात करायचं ठरत होतं. तुळशीच्या लग्नानंतर पत्रिकांचा हंगाम लागतो. तो एक हंगाम नीट गेला तर पैसे फिटणार होते, नाहीतर नाही.

दिवाळीच्या सुमारास मशीन अडकायला लागलं. माझे धाकटे दीर संजयभावजी आसनगावला राहतात, कल्याणला कॉम्प्युटरचीच नोकरी करतात. ते रविवारी आले. मनानं चांगला माणूस, मदत करायलाच आले होते. म्हणाले, "वयनी, हे विंडोज नाइन्टीएट आता म्हातारं झालं. एक्सपी टाकतो, फास्ट चालंल. कामाच्या फाइली काढून घेतल्यात, आता पुसतो सगळं."

वैशाली गिऱ्हाईकाकडे गेली होती. मी दारात उभी. मला माहीत होतं – आधी तांदळातलं काढायचं. मी दोनदा तोंड उघडलं. एकदा तर "भावजी..." एवढं म्हणालेही. ते म्हणाले, "चहा टाकताय? टाका." मी चहा टाकला. चौथी शिकलेली बाई कॉम्प्युटरवाल्याला काय सांगणार, असं मनात आलं. कदाचित नवीन पद्धतीत फ्लॉपी लागत नसेल, असंही वाटलं.

संध्याकाळी वैशाली आली, मराठी उघडायला गेली, आणि माझ्याकडे बघून तिनं विचारलं, "आई, फ्लॉपीत परत घेतलं होतं ना?"

भावजींचा चेहरा उतरला. तो प्रोग्राम एक्सपीवर चालणाराच नव्हता, ते वेगळंच.

शहापूरला गायकर सर म्हणून कॉम्प्युटरचे क्लास घेतात. जुनं नाइन्टीएट परत टाकून काही होतं का बघू, म्हणून आम्ही मायलेकी मशीन गोधडीत गुंडाळून एसटीनं निघालो. मी ते मांडीवर घेतलं होतं. कंडक्टर म्हणाला, "मावशे, लेकराचं तिकीट?"

वैशाली म्हणाली, "पाच वर्षांच्या आतलं हाय. फुकट."

"बरंच गपगार हाय गो लेकरू. वजनदार पन दिसतंय," तो म्हणाला. गाडीतली माणसं हसली. मलाही हसू आलं, बऱ्याच महिन्यांनी.

गायकर सरांनी आमच्यादेखत सगळं पुसलं. मिस्टरांच्या विंडोजच्या सीडीच्या कव्हरवर त्यांच्याच अक्षरात पेन्सिलीनं लांबलचक नंबर लिहिलेला होता, तो टाकला. निळा पडदा, मग किती मिनिटं राहिली ते दाखवत दाखवत नाइन्टीएट आलं. ते जुनं चित्र पडद्यावर आलं तेव्हा मला बरं वाटलं. मग सरांनी फ्लॉपी घातली. शून्य. दुसऱ्या मशीनवर घातली. शून्य. तिसऱ्यावरही शून्य.

सर म्हणाले, "ताई, परवानगी गेली. आता नवीनच घ्यावा लागंल." त्यांनी किंमत सांगितली. ती वन्संच्या राहिलेल्या पैशांपेक्षा जास्त होती. फ्लॉपीच्या कोपऱ्यात एक छोटं झाकण असतं, ते सरकवलं की फ्लॉपीत कुणाला काही लिहिता किंवा बदलता येत नाही. सरांनी ते सरकवून ठेवलं. म्हणाले, "असू दे असंच. कंपनीला विचारायचं झालं तर पुरावा राहील."

घरी आल्यावर कळलं, मशीनची वायर सरांकडेच राहिली. सरांना फोन केला. ते म्हणाले, उद्याच्या गाडीच्या कंडक्टरकडे देतो.

त्या दुसऱ्या दिवशीची गोष्ट. सकाळचे साडेदहा-अकरा झाले असतील. वैशाली वायर आणायला एसटी स्टँडवर गेली होती. मी आत एकटी, भातासाठी तांदूळ काढायला डबा उघडला. फ्लॉपी वर होती, पिशवीत. रात्री मीच ठेवली होती. ती हातात घेतली आणि मला रडू आलं. आजवर कुणाला बोलले नव्हते ते तिथं बोलले. म्हटलं, "मला ठाऊक होतं. आधी काढायची ते मला ठाऊक होतं, आणि मी गप बसले." एवढंच. फ्लॉपी परत ठेवली आणि निवडायला तांदूळ ताटात घेतला.

आणि बाहेरच्या खोलीतून आवाज आला. खर्र...

माझे हात ताटात तसेच राहिले. खर्र... खर्र... आणि टक्.

उंदीर असेल म्हणाल. मीही आधी तेच म्हटलं. पण तो आवाज मी कितीदा ऐकला होता. मी बाहेर गेले. मशीन टेबलावर, त्यावर माझ्या जुन्या लुगड्याचं झाकण, गाठ मारलेली. मागे वायर नाही. वायर तेव्हा एसटीत होती. मी झाकण काढून पत्र्याला हात लावला, गार होता. फ्लॉपी आत तांदळात. खोलीत कुणी नव्हतं. मला भीती वाटली नाही, हे मात्र खरं लिहिते. मी आत गेले आणि तांदूळ निवडून भात टाकला.

वैशाली आली. तोच कंडक्टर होता म्हणे. "लेकराची नाळ इसरलाव तुमी," असं म्हणून त्यानं वायर दिली. तिनं मशीन जोडलं. मी आवाजाचं काही सांगितलं नाही. फक्त म्हणाले, "एकदा फ्लॉपी घालून बघ."

"आई, तीन मशीनवर बघितलं ना काल."

"बघ गो एकदा."

तिनं घातली. इंग्रजी आकडे मला एसटीच्या पाट्यांवरून येतात. पडद्यावर एक होता.

वैशालीनं फ्लॉपी काढली, झाकण बघितलं. सरांनी सरकवलं तसंच होतं. पुन्हा घातली. एक. ती मग हळू आवाजात म्हणाली, "आई, दार लाव." दार कशाला लावायचं ते तिलाही सांगता आलं नसतं. मी लावलं. तिनं झाकण परत मागे सरकवलं आणि प्रोग्राम टाकला. खर्र, खर्र, खर्र, टक्. फ्लॉपीत शून्य झालं, आणि पडद्यावर मराठी अक्षरं आली.

चार दिवसांनी गायकर सर स्वतः मुरबाडला येऊन बघून गेले. त्यांनी वैशालीला खोदून खोदून विचारलं. फ्लॉपी उलटसुलट केली. आधी म्हणाले, वाचताना चूक झाली असेल. मग स्वतःच म्हणाले, "पन तीन मशीन एकच चूक कशी करतील?" कंपनीत फोन केला, तिथला माणूस म्हणाला असं होणं शक्य नाही, फ्लॉपी पाठवून द्या. मी पाठवली नाही. सर चहा पिऊन गेले. जाताना मिस्टरांच्या फोटोसमोर थोडा वेळ उभे राहिले.

आवाजाचं मी वैशालीला नंतर सांगितलं. ती म्हणते, तुला भास झाला. असेल. पण आकडा तिनंच आधी वाचला, त्याचं काय, ते तिलाही सांगता येत नाही. आजपर्यंत कुणालाच सांगता आलेलं नाही.

तो हंगाम चांगला गेला. माघात मशीन पुन्हा अडकलं. संजयभावजी आले, सीडी काढली, खुर्चीत बसले. मी तांदळाचे हात तसेच घेऊन बाहेर आले आणि त्यांच्यासमोर फ्लॉपी धरली. म्हटलं, "भावजी, थांबा. आधी हे."

ते उठून उभेच राहिले. "हो वयनी. तुमी सांगा, मी तसं करतो."

मी सांगितलं, त्यांनी केलं. टक् झाल्यावर शून्याचा एक झाला. ह्या वेळी सगळ्यांच्या देखत, वायर लावून.

वन्संच्या मुलीची पत्रिका वैशालीनंच टाइप केली. त्या पत्रिका घेऊन मी चैत्रात एकटी शहापूरला गेले. वन्सं मागच्या पडवीत कुरडया वाळत घालत होत्या. मी पदरातली पुरचुंडी काढून त्यांच्या हातात दिली. म्हटलं, "हे शेवटचे. आता पाटल्या सोनाराकडे टाका, लग्नाच्या आत होतील."

त्यांनी हात पुसले, पुरचुंडी दोन्ही हातांनी कपाळाला लावली. घरातून त्यांच्या मिस्टरांचा आवाज आला, "कोन आलंय गो?"

"वसंताची बायको. पत्रिका घेऊन आली," वन्सं मोठ्यानं म्हणाल्या. मग मला हळूच म्हणाल्या, "शेवंता, फिटलं गो. सगळं फिटलं."

मी म्हटलं, "आलं परत."