फुसका बार

मैत्री ओव्हाळला एका जागी बसवणं महाकठीण. वारज्याहून हिंजवडीला जाणाऱ्या कंपनीच्या बसमध्येही तिचा पाय सारखा हलायचा, आणि शेजारची शाइस्ता वैतागून तिच्या गुडघ्यावर आपली जड पर्स ठेवून द्यायची. त्या आठवड्यात तर विचारूच नका. मैत्री बाईसाहेब दिवसाला नऊ कप मशीनचा चहा पीत होत्या. तो चहा ज्याने एकदा चाखलाय त्याला कळेल, जीव किती कासावीस झालेला असणार.

कारण सांगतो. गोष्ट दोन हजार सहाची. कंपनी परदेशातल्या लोकांसाठी कॉम्प्युटर गेम बनवायची. चार वर्षं मैत्रीने दुसऱ्यांच्या गेममधल्या चुका शोधल्या, तेव्हा कुठे तिला स्वतःचं काही रचायला मिळालं: एका जादूच्या राज्यातली खाण. त्या राज्यात दारूगोळा नाही. खाणकामगार खडकाला भोक पाडतो, आजवर कोणालाही न सांगितलेला एक शब्द त्यात कुजबुजतो आणि वरून ओली माती लिंपतो. शब्द आत फुगत जातो, खडक फुटतो आणि उजेड देणारे खडे बाहेर पडतात. शब्दसुरुंग, असं तिने त्याचं नाव ठेवलं.

टीमचा प्रमुख चेतन. त्याने दोनदा खेळून पाहिलं आणि खुर्चीत रेलला. "आयडिया क्यूट आहे गं, पण बोअर होतं. बुधवारपर्यंत मजा आली नाही तर खाण कट. मग तू परत टेस्टिंगला." घ्या! चार वर्षांची आशा, आणि हा कँटीनमध्ये पोहे सांगावेत तसा सांगून मोकळा.

रविवारी दुपारी ती लॅपटॉप मांडीवर घेऊन घरी धुमसत बसली होती. मागे तिचे वडील, सुखदेव, येऊन उभे राहिले. लग्नाआधी ते एका दगडखाणीत सुरुंग लावायचे, पुढे सोसायटीत वॉचमन झाले. खाणीबद्दल घरात कधी चकार शब्द नाही. कोणी विषय काढलाच, तर ते चप्पल घालून दूध आणायला जायचे, घरात दूध असलं तरी.

पडद्यावरच्या कामगाराने आठ भोकं भरली. धडाधड बार उडाले. शेवटच्या भोकातून मात्र 'फुस्स' आवाज आणि चिमूटभर धूर. ही मैत्रीची खास गंमत, ऑफिसात सगळे त्यावर हसायचे. कामगार शीळ घालत भोक पुन्हा भरायला निघाला.

"अगं थांबव त्याला!" सुखदेव एवढ्याने ओरडले की स्वयंपाकघरातून मैत्रीची आई हिराबाई लाटणं घेऊनच बाहेर आल्या.

"पप्पा, फुसका बार आहे तो. काही होत नाही."

"फुसका म्हणून कोणी सांगितलं तुला?" सुखदेवांनी पडद्याकडे बोट दाखवलं. "आठ भरले तर आठ ऐकायचे. सातच ऐकू आले तर तासभर कोणी पुढे जायचं नाही. वात आत जळत असते, पोरी. आम्हाला जेवायची घाई झाली होती. सोनबाला, माझ्या धाकट्या भावाला, मीच म्हणालो, फुसका गेला, जा बघून ये."

हिराबाईंनी लाटणं खाली ठेवलं. "अहो, तुम्ही तर म्हणाला होतात, सोनबा दरडीखाली गेला म्हणून."

"म्हणालो होतो."

मैत्रीने लॅपटॉप मिटला. आपल्या त्या 'फुस्स'ची तिला भयंकर लाज वाटली. तिने नुसता वडिलांचा हात धरला, आणि त्या दिवशी ते दूध आणायला गेले नाहीत.

सोमवार आणि मंगळवार तिने मान वर केली नाही. 'फुस्स' काढून टाकलं. आता एखादा शब्द फुटला नाही तर नुसती शांतता. पुढे जायचं की थांबायचं, खेळणाऱ्याने ठरवायचं.

बुधवारी चेतन बसला. आठ भोकं, सात बार. त्याने वीसेक सेकंद वाट पाहिली आणि कामगाराला पुढे पाठवलं. खडक फुटला. धूळ बसली तेव्हा तिथे फक्त टोपी होती.

"अरे! रिस्टार्टचं बटण कुठंय?"

"नाहीये," मैत्री म्हणाली. "तो परत येत नाही. दुसरा माणूस मिळेल."

चेतनने तिच्याकडे पाहिलं. दुसरा माणूस घेतला. पुन्हा आठ, पुन्हा सात. या वेळी त्याने माउस सोडला आणि दोन्ही हात काखेत दाबून धरले. एक मिनिट, दोन मिनिटं. आजूबाजूचे लोक खुर्च्या सरकवून जवळ आले. शाइस्ता नखं खात होती. तिसऱ्या मिनिटाला आठवा बार उडाला आणि भोकापासून दूर उभा असलेला कामगार दचकून खाली बसला.

"बाप रे," चेतन म्हणाला. "खाण ठेव. तूच पूर्ण कर."

मैत्री धावत जिन्यात गेली आणि घरी फोन लावला. सुखदेवांनीच उचलला.

"पप्पा, खाण राहिली! माझ्याकडेच राहिली!"

"बरं. आणि माणूस?"

"पहिला गेला, पप्पा. दुसरा थांबला."

"थांबला?"

"थांबला. वाचला."

मग ते म्हणाले, "त्याला आता जेवायला सोड."