खुंट्यांमधलं अंतर

निवृत्तीनंतर आमच्या कसब्यातली माणसं काय करतात, ते मला ठाऊक आहे. सकाळी बाकावर बसून महापालिकेला शिव्या देतात आणि संध्याकाळी त्याच बाकावर सकाळच्या शिव्यांची उजळणी करतात. मला ते जमण्यातलं नव्हतं. आयुष्यभर कॉलेजात भूशास्त्र शिकवलं, तेव्हा ठरवलं, की पोर्शन संपवायची घाई नसताना सह्याद्री एकदा नीट बघायचा. एकेक घाट घ्यायचा, रस्त्यासाठी कापलेल्या कड्यापुढे उभं राहायचं आणि लाव्ह्याचे थर मोजायचे. गाडी बायको चालवणार. मला गाडी येत नाही. "दगड सोडून ह्यांना काही हाताळता येत नाही," असं ती आल्यागेल्याला सांगते, आणि ते खरं आहे.

शनिवारी मंडईतून केळी आणि काकड्या आणायच्या, रविवारी उजाडताच निघायचं. बायको शाळेत गणित शिकवायची. तिला दगडांचं काही वाकडंतिकडं सांगून चालत नसे. वळणं घेता घेता ती प्रश्न विचारायची आणि मी उत्तरं द्यायचो. आपला सगळा मुलूख लाव्ह्याचा. भेगांतून रस उसळला, पसरला, थिजला. मग बराच काळ शांतता. तेवढ्यात वरचा दगड कुजून त्याची लाल माती झाली आणि तिच्यावर पुढचा रस येऊन बसला. कड्यात काळ्या दगडांच्या मधे लाल पट्टा दिसतो तो हाच. पावसाचं पाणी काळ्या दगडाच्या फटींतून खाली झिरपतं, त्या लाल मातीवर येऊन अडतं आणि बाहेर पडायला वाट शोधतं. "म्हणजे घरातल्या स्लॅबसारखंच की," बायको म्हणायची. "वरच्यांची मोरी गळते आणि ओल आपल्या भिंतीला." हेही बरोबरच होतं.

एकदा मुलांची सहल हिमालयात नेली होती. हिमनदीनं खेचत आणलेले घराएवढे धोंडे बघून मुलं खुळावली. मी ऐटीत म्हणालो होतो, "बाबांनो, इकडचे दगड प्रवासी. आपला सह्याद्री जागचा हलत नाही." वर्गात हशा पिकवायला असली वाक्यं बरी असतात.

ती वस्ती आम्हाला दिसली ती गणपती उठल्यानंतरच्या रविवारी. घाटमाथ्याजवळ, रस्त्यापासून चढावर, अकरा घरं. नाव मी लिहीत नाही. घरांच्या मागे उभा उतार होता, त्याच्या मध्यावर लाल पट्टा आणि पट्ट्यातून पाण्याच्या धारा. मला तो पट्टा जवळून बघायचा होता. बायको म्हणाली, "जा तुम्ही, मी इथे काकड्या चिरते." मी धापा टाकत वर गेलो. पट्टा राहिला बाजूला, त्याच्याही वर गवतात मला भेग दिसली. आडवी, दोन्ही टोकांना खाली वळलेली, तीसेक पावलं लांब आणि चार बोटं रुंद.

मी घाबरलो. डोंगराची वरची माती खाली सुटू लागली, की पहिली खूण अशीच दिसते. पण कधीकाळी पडून मग कायमची निजलेली भेगही अशीच दिसते. नुसतं बघून सांगता येत नाही. फरक एकच: उतार सुटत असेल तर भेग रुंदावत जाते. आणि तिच्या बरोबर खाली ती अकरा घरं होती.

तिथे एक म्हातारी शेळ्या चारत होती. हातात तिच्या खांद्याएवढी काठी. मी विचारलं, "आजी, ही भेग कधीची?"

"औंदाच दिसली बगा," ती म्हणाली. "शेळीचा पाय अडकतोय मेला."

माझ्या पिशवीत सळईचे दोन तुकडे होते. एक भेगेच्या वरच्या अंगाला ठोकला, एक खालच्या. त्यांच्यात टेप धरली. बरोबर एकशे वीस सेंटिमीटर. पुन्हा येऊन मोजायचं. अंतर वाढलं असेल तर डोंगर हलतोय, नसेल तर नाही. इतकं साधं काम. मी वहीत आकडा लिहिला आणि म्हातारीकडे वळलो. आवाज आपोआप मास्तरी झाला.

"हे बघा आजी, ह्या खुंट्या तसूभरही हलता कामा नयेत. शेळ्या बांधायच्या नाहीत, कुणी हात लावायचा नाही. हलल्या तर माझं सगळं काम फुकट जाईल. कळलं?"

"सरकारी हाय का?"

"तसंच समजा."

"राकते की," ती म्हणाली.

खुंट्या कशासाठी, हे मी तिला सांगितलं नाही. गाडीत बसल्यावर बायकोला सगळं सांगितलं, तशी तिनं किल्ली फिरवलीच नाही.

"अहो, मग त्यांना सांगायला नको का?"

"काय सांगू? डोंगर पडेल? कधी पडेल विचारलं तर? एका मापावर बोलायला मी काय कुडमुड्या ज्योतिषी आहे?"

"निदान, मला भीती वाटते, एवढं तरी सांगा."

"भीती हे माप नव्हे," मी म्हणालो. मला तेव्हा हे वाक्य फार आवडलं होतं. तिनं गाडी सुरू केली आणि पुणं येईपर्यंत मला एकही प्रश्न विचारला नाही.

घरी येऊन मी तालुक्याच्या कचेरीसाठी पत्राचा मसुदा लिहिला. एकदा नाही, तीनदा. 'शक्यता नाकारता येत नाही' म्हणावं की 'संभव आहे', यावर दोन दिवस घालवले. शेवटी ठरवलं, की दुसरं माप हातात आल्याशिवाय पाठवायचं नाही. उगाच लोकांची घरं हलवायला लावायची आणि काहीच झालं नाही तर तोंड कुठे दाखवायचं? माणसं गेली तर कुठे दाखवायचं, हा विचार नाही आला. आला असेल, तर मी तो बाजूला सारला.

परतीचा पाऊस त्या वर्षी लांबला. दिवाळी झाल्यावर आम्ही पुन्हा गेलो. या वेळी बायकोही हट्टानं वर चढली. भेग दिसतच नव्हती. शेळ्यांचे पाय अडकू नयेत म्हणून वस्तीतल्यांनी तिच्यात दगडमाती भरली होती आणि वर गवत आलं होतं. खुंट्या मात्र जागेवर होत्या. खालच्या खुंटीभोवतीची माती मला सैल वाटली. माझं टाळकं सरकलं. म्हातारी शेजारीच उभी होती.

"शेळी बांधली होती ना इथे?"

"नाय सायेब. देवाशपत नाय."

"मग माती कशी उकरली गेली? सांगून गेलो होतो ना मी?"

तिनं वाकून ती माती हातानं दाबून बसवली. बायकोनं माझा दंड दाबला. मी टेप लावली. एकशे वीस सेंटिमीटर, वर दोन मिलिमीटर. एवढा फरक टेप ताणण्यातच पडतो. पुन्हा लावली, तेच. तिसऱ्यांदा बायकोला धरायला लावली, तेच. दोन महिने पाऊस पिऊन हा उतार जागचा हलला नव्हता!

मला इतकं हलकं वाटलं, की मी त्या म्हातारीला पिशवीतली सगळी केळी देऊन टाकली. "शाब्बास आजी, छान राखल्यात," म्हणालो. तिचा चेहरा उजळला. उतरताना बायको म्हणाली, "दोन मापं पुरतात?" मी म्हणालो, "तुझ्या गणितात नसतील पुरत, माझ्या शास्त्रात पुरतात." घाटात थांबून आम्ही कांदाभजी खाल्ली. त्या दिवशी मी गाडीत चक्क गाणं म्हटलं. मसुदा खणात गेला. उन्हाळ्यात एकदा मोजून यायचं ठरलं होतं, पण माझ्या मोतीबिंदूचं ऑपरेशन निघालं, आणि निजलेल्या भेगेसाठी कोण एवढी तंगडतोड करतो?

पुढच्या श्रावणात तो उतार खाली आला. बातमी टीव्हीवर दिसली. बायको कुकर लावत होती. तिनं गॅस बंद केला आणि पदराला हात पुसत येऊन उभी राहिली. पडद्यावर चिखल, पोकलेन आणि छत्र्या. अकरांतली सात घरं गेली होती. मला तो काळा कडा ओळखू आला, लाल पट्टाही ओळखू आला. पट्ट्याच्या वर काहीच उरलं नव्हतं. नावांच्या यादीत म्हातारी होती की नाही, ते कळेना, कारण मी तिचं नाव विचारलंच नव्हतं.

मला कुणी काही म्हणालं नाही. म्हणणार कोण? खुंट्यांची गोष्ट आम्हा दोघांनाच ठाऊक. मी मात्र दिवसातून चार वेळा ती वही काढायचो. एकशे वीस. एकशे वीस, वर दोन मिलिमीटर. मोजलं होतं मी. हललं नव्हतं. जुन्या सहकाऱ्यांना फोन करून विचारलं, ते म्हणाले, होतं असं, पूर्वसूचना न देता जातात उतार, तू काय करणार? त्यांचं ऐकलं की तासभर बरं वाटायचं. रात्री बायकोला पुन्हा तेच सांगायचो. एके दिवशी ती म्हणाली, "मला किती वेळा सांगाल? मी तुम्हाला काही विचारलेलं नाही." मला ते लागलं. खरं सांगायचं तर मला माफी मिळायला हवी होती, आणि ती द्यायचा अधिकार तिच्याकडे नव्हता.

म्हणून दिवाळीनंतर मीच म्हणालो, तिथे जाऊ. या वेळी केळी घेतली नाहीत. धान्य, ब्लँकेटं आणि स्टोव्ह घेतला. वाचलेल्या माणसांना रस्त्याकडेला पत्र्याच्या शेड बांधून दिल्या होत्या. मी पहिल्याच शेडपाशी विचारलं, शेळ्या चारणाऱ्या आजी कुठे आहेत? तिथली तिशीतली बाई उठून उभी राहिली.

"तुमीच का खुंटीवालं सायेब?" ती म्हणाली. "मी त्यांची सून. म्हातारी गेली वो."

ती स्वतः नागपंचमीला माहेरी गेली होती आणि तिचा नवरा चाकणला कंपनीत, म्हणून दोघं वाचली. तिनं आम्हाला चटई टाकली. मी बोलायला सुरुवात केली. वर्गात सांगतात तसं, व्यवस्थित. भेग दिसली होती, म्हणून खुंट्या ठोकल्या होत्या, दोनदा मोजलं, अंतर वाढलं नव्हतं, त्यामुळे कुणालाच कळण्याची सोय नव्हती. ती मान डोलवत होती. मग म्हणाली,

"लई जपलं वो तिनं तुमच्या खुंट्यास्नी. जोराचा पाऊस झाला की त्या सरकायच्या. तिला वाटायचं, शेळ्यांनीच वढल्या. सायेब खवळंल, म्हनायची. तुमी मापलं त्याच दिशी तिनं आपल्या काठीला विळ्यानं खूण करून ठिवली हुती. काठी आडवी धरायची, खालची खुंटी उपटायची आन खुणंवर आनून परत ठोकायची."

बायकोनं माझ्याकडे पाहिलं.

"किती सरकायच्या?" मी विचारलं.

"कवा दोन बोटं, कवा तीन."

"मी दिवाळीनंतर आलो होतो, त्याच्या आधी किती वेळा?"

तिनं बोटं मोडून आठवलं. "तीनदा तरी. तुमी यायच्या आदल्या आठवड्यात मीच दगूड आनून दिला हुता ठोकायला."

मी बेरीज केली. सहा ते नऊ बोटं. भेग दुपटीहून अधिक रुंद झाली होती, आणि तिच्याच कडेला उभा राहून मी तीनतीनदा टेप लावली होती, माती सैल का म्हणून त्या बाईवर खेकसलो होतो आणि वर शाब्बासकी देऊन आलो होतो. साऱ्या मुलखात एकाच माणसाला ठाऊक होतं, की डोंगर चाललाय. तिनं ते दर पावसानंतर स्वतःच्या हातांनी पुसलं, कारण मी तिला रागवेन. 'अंतर वाढलं तर मला कळवा आणि घरं सोडा', एवढी दोन वाक्यं बोलायला मला किती वेळ लागला असता?

"ह्या पावसात तर रोज वर जायाची," सून सांगत होती. "मी माहेरी निघाले तवा म्हनली, वीतभर सरकल्यात गं, आता सायेब बोलल्याबिगर ऱ्हात न्हाई. तू ये जाऊन, तवर मी नीट लावून ठिवते."

शेडवरून एक एसटी गेली आणि पत्रे खडखडले. बायको दुसरीकडे बघत होती. मला तिथून उठून पळून जावंसं वाटत होतं.

सुनेनं पदर सारखा केला. काहीतरी बरेच दिवस मनात असलेलं विचारावं तशी ती जरा पुढे सरकली.

"सायेब, तुमी दिवाळीला मापलं, तवा बरोबर भरलं हुतं ना? तिला लई घोर लागायचा त्याचा."

"हो," मी म्हणालो. "अगदी बरोबर भरलं होतं."

"मी म्हनलंच हुतं तिला, उगा भितीस," ती म्हणाली आणि आमच्यासाठी चहाचं आधण ठेवायला उठली.