काचबेडकांच्या शुभाताई

दुबईत लिफ्टचं दार उघडलं की आधी अत्तराचा वास येतो आणि मग माणूस. शुभाताईंना मात्र कसलाच वास नसे. करामा भागातल्या आमच्या घरी हळदीकुंकवाला त्या पहिल्यांदा आल्या, तेव्हा मी अत्तर लावायला गेले. त्यांनी चटकन हात मागे घेतला. "अत्तर नको गं, माझे बेडूक मरतील." बायका खळखळून हसल्या. त्याही हसल्या, पण हात काही पुढे केला नाही.

त्या आमच्या समोरच राहत. शहरातल्या एका मोठ्या इमारतीत काचेच्या छताखाली वर्षावन उभं केलंय. तिथल्या बेडकांची देखभाल त्यांच्याकडे होती. हाताला लावलेलं काहीही बेडकाच्या कातडीतून आत जातं, म्हणून क्रीम, सेंट सगळं त्यांनी सोडलं होतं. काचबेडूक त्यांचे विशेष लाडके. मध्य अमेरिकेतल्या जंगलातला हा जीव, अंगठ्याच्या पेराएवढा. पाठ पोपटी, आणि पोट इतकं पारदर्शक की आतलं काळीज धडधडताना दिसतं. "याला खोटं बोलायची सोयच नाही बघ," त्या म्हणायच्या. मादी पानाखाली अंडी घालून निघून जाते. पिल्लं खालच्या पाण्यात पडेपर्यंत राखण बापच करतो, हे सांगताना त्यांचा आवाज हळवा होई.

एका ऑगस्टात तिथली कूलिंग यंत्रणा बंद पडली. मोठे बेडूक गार पेट्यांतून हलवले. कुंडीतल्या एका झाडाच्या पानाखाली मात्र अंडी होती आणि त्यांना बिलगून बाप. तिथले साहेब म्हणाले, "अंडे छोड़ दीजिए, मॅडम. बचेंगे नहीं."

"बाप नहीं छोड़ रहा, मैं कैसे छोड़ूँ?" शुभाताई म्हणाल्या आणि परवानगी काढून ती कुंडी मांडीवर घेऊन थेट घरी आल्या.

त्यांच्या घरात बाथरूम एकच. त्यात कुंडी, पानाखाली पाण्याची परात, आणि बेडरूमचा एसी रात्रंदिवस. टाकीचं पाणी त्या दिवसांत चटके देतं, म्हणून बाटलीतलं गार पाणी फवारायचं. घरचे सगळे आंघोळीला आमच्याकडे. त्यांची कॉलेजातली लेक इरा टॉवेल घेऊन चिडून यायची. "मम्मा इज टोटली क्रेझी, आँटी!"

दुसऱ्या दिवशी अंड्यांवरचा बाप नाहीसा झाला. मी धावत गेले, तर ताई स्टुलावर बसून हलक्या हाताने अंड्यांवर पाणी फवारत होत्या.

"गेला का हो सोडून?"

"घाबरलाय गं. जागा नवीन आहे. येईल, तोवर मी बसते."

जेवणसुद्धा त्यांनी तिथेच केलं. संध्याकाळी कुंडीआडून तो निघाला, देठावरून सावकाश चढला आणि अंड्यांवर जाऊन बसला. ताई स्टूल उचलून बाहेर आल्या.

पुढे एका सकाळी त्यांनी हाक मारली. "यल्ला, या सगळे! आवाज नको!" बाथरूमच्या दारात आम्ही दाटीवाटीने उभे राहिलो. पानावरून एक इवलंसं पिल्लू सुटलं आणि परातीत पडून वळवळलं. इराने आईचा दंड घट्ट धरला. "मम्मा, इट्स स्विमिंग!"

ती पिल्लं वाढून बेडूक झाली आणि वर्षावनात परत गेली. नंतर ताई आम्हाला ते बघायला घेऊन गेल्या. पानापानांमागे काचबेडूक निजले होते. मी कुतूहलाने विचारलं, "यातले आपले कुठले?"

"काय माहीत," त्या म्हणाल्या. "आपले म्हणून थोडेच वाढवले होते?" आणि पुढच्या पानाखाली वाकून बघू लागल्या.