रिळाचा खरचटलेला तुकडा

"थांबा!" असं म्हणत तो बोट वर करायचा आणि विनोद यायच्या आधीच हसायला लागायचा. न्यूझीलंडमधल्या हेन्डरसन उपनगरातल्या आमच्या या म्हाताऱ्या किवी शेजाऱ्याला मराठीतला एवढा एकच शब्द यायचा. माझी बायको मला दारातून हाक मारायची, ते कुंपणापलीकडून ऐकून शिकलेला.

रविवारी दुपारी तो गॅरेजमध्ये पडदा लावून दुसऱ्या महायुद्धाच्या सुरुवातीचा एक छोटा विनोदी सिनेमा दाखवायचा. हाडं, चरबी, रिकामे डबे फेकू नका, युद्धाला लागतील, असा गाण्यातून उपदेश. हातात बादल्या घेतलेल्या मुली एका लठ्ठ मुकादमाभोवती नाचतात. शेवटी कडेची एक मुलगी उलटी वळते, त्याच्या पोटावर आदळते आणि थेट आपल्याकडे बघून हसत सुटते.

तिथे तो रीळ मागे फिरवायचा. पुन्हा "थांबा!"

"अहो, याला कंटाळा कसा येत नाही?" बायको विचारायची. तुमच्याही शेजारी असा एखादा असेल. आपण हसून सोडून देतो.

रिळाला व्हिनेगरसारखा वास येऊ लागला, म्हणजे फिल्म खराब होत चालली होती, तेव्हा मी डीव्हीडी करून द्यायचं कबूल केलं. "स्वीट ॲज, मेट," म्हणजे एकदम झकास दोस्ता, म्हणत त्याने डबा दोन्ही हातांनी माझ्याकडे दिला.

जुन्या फिल्म उतरवून देणाऱ्या दुकानातून रीळ आणि त्याची कॉपी आणून मी मुलाच्या कॉम्प्युटरवर साफ करायला बसलो. जन्मभर कारखान्यात माल तपासलेला. डाग दिसला की हात स्वस्थ बसत नाही. शेवटचा तुकडा फारच खरचटलेला होता. तो कापला, सांधा बेमालूम जुळवला, मूळ फाइलवरच सेव्ह केलं. रीळ कचऱ्यात टाकलं.

डीव्हीडी लागली. नेहमीच्या जागी त्याने बोट वर केलं. "थांबा..." गाणं संपलं. पडदा काळा झाला, तरी बोट वरच.

"ती माझी आई होती," तो म्हणाला. हे त्याने कधी सांगितलं नव्हतं, मीही विचारलं नव्हतं. "मी चार वर्षांचा असताना गेली. हसताना तेवढीच उरली होती." मग मलाच धीर देत म्हणाला, "असू दे, मेट. जुनं रीळ लावू."

"दुकानवाल्यांनी हरवलं," मी म्हणालो. "कापलंही त्यांनीच."

पायांत जोर होता तोवर तो त्या दुकानात चौकशीला जात राहिला.

त्याच्या अंत्यविधीनंतर चहा घेताना त्याची मुलगी म्हणाली, "त्या दुकानाने डॅडची आई नेली." मी मान डोलावली.

दुकानाने काहीही केलेलं नाही. मी केलं.

डीव्हीडी तिने मलाच दिली. अधूनमधून लावतो. सगळ्या मुली बरोबर वळतात. कोणी कोणावर आदळत नाही.