बॉसच्या लढाईत माझा ढोल

मंडळी, आज सुट्टी होती, म्हणून पोलादपूरच्या घरी सकाळीच गेम लावला. या गेमच्या मालिकेचे सगळे भाग मी खेळलोय, पण नव्या भागातला शेवटचा बॉस, म्हणजे सगळ्यात मोठा राक्षस, काही केल्या पडत नाही.

बहीण शेजारी भाजी निवडत बघत होती. म्हणाली, "लढतोयस कुठं रे दादा, तू तर ढोल वाजवतोयस."

खरं होतं. शिमग्याला गावच्या पालखीपुढे ढोल माझ्याकडे असतो. बॉसचं संगीत सुरू झालं की माझी बोटं तालावर बटणं दाबतात आणि तो राक्षस नेमका ताल चुकवून मारतो.

तिने टीव्हीचा आवाज बंद केला. बघता बघता बॉसची अर्धी ताकद संपली. मग मीच आवाज परत लावला आणि हरलो.

"येडा हायस तू," ती म्हणाली.

असेन. पण ज्या संगीतासाठी इतकी वर्षं हे गेम खेळलो, ते बंद करून मला जिंकायचं नाही. पालखीपुढे कुणाचा ताल सुटला की मीच डाफरतो. आता ताल सोडायला मलाच शिकायचंय, आणि मी शिकणार.

तुम्ही असता तर आवाज बंद केला असता का? बहीण कमेंट वाचणार आहे, जपून लिहा.