सिक रिपोर्टमधलं खोडलेलं नाव

पोस्टचं नाव सांगणार नाही. उंची चौदा हजार फूट, जवान बावीस, बंकर पाच, आणि खाली बटालियनपर्यंत पाच तासांची पायवाट. मी तिथं प्लाटून हवालदार होतो. गाव माझं शेंद्रा. आता तिथं कारखान्यांच्या शिफ्ट सुटतात, मी भरती झालो तेव्हा नुसती बाजरी होती.

सिव्हिलमधल्या लोकांना वाटतं, जवान मरतो तो गोळीनंच. लग्नात, बारशात गाठून विचारतात, "काका, फायरिंग बघितलं का?" बघितलं. पण मला विचाराल तर मी एका गुडघ्याचं सांगीन.

पोस्टवरचा दिवस ठरलेला. पहाटे स्टँड-टू, म्हणजे सगळे हत्यारासह आपापल्या जागी. मग चहा. ०७१५ ला सिक रिपोर्ट. ज्याला दुखतंय-खुपतंय त्यानं माझ्याकडं यायचं, मी रजिस्टरात नाव लिहायचं, ०७३० ला ती नावं रेडिओवरून खाली बटालियनच्या डॉक्टरकडं, म्हणजे आरएमओंकडं जायची. सांगायला सोपं आहे. पण सिक रिपोर्टला जाणं आमच्यात लाजेचं होतं. कुणी आला की बाकीचे ओरडायचे, "आली बघा बाळंतीण!" मीही ओरडायचो. खोटं कशाला बोलू?

लाजेपेक्षा मोठी भीती कॅटेगरीची. डॉक्टरनं अनफिट लिहिलं की जवानाला कॅटेगरी लागते, आणि कॅटेगरी लागली की प्रमोशन अडकतं. म्हणून लोक ताप झाकायचे, कंबर झाकायचे, गुडघा तर सगळ्यात आधी झाकायचे.

सुदाम चितेगावचा. हुद्दा नाईक, म्हणजे हवालदाराच्या एक पायरी खाली, वय बत्तीस. तो पैठण रोडचा, मी जालना रोडचा, जिल्हा एकच, म्हणजे तिकडं इतक्या लांब आम्ही एका घरचेच. चारचौघांत मला 'उस्ताद' म्हणायचा, दोघंच असलो की 'दादा'. उजवा गुडघा त्याला वर्षभर छळत होता. चढताना कमी, उतरताना जास्त. वाटीच्या वरच्या कडेवर बोट ठेवून म्हणायचा, "दादा, इथं कुणीतरी खिळा ठोकलाय." मी त्याला माझी नी-कॅप दिली. दोन-चार वेळा रम चोळून दिली. तेव्हा म्हणाला, "गुडघ्याला काय पाजताय, वाया चाललीय. मला पाजा." असा माणूस.

हवालदारीसाठीची त्याची मेडिकल अठरा दिवसांवर आली होती.

त्या सकाळी ०७१५ ला तो माझ्यासमोर येऊन उभा राहिला. हसला नाही.

"दादा, आज नाव लिहा."

"काय झालं?"

"पाय टेकवत नाय. लई ठणकतंय."

मी लिहिलं. नाईक सुदाम, उजवा गुडघा. लिहिलं आणि पेन तिथंच थांबलं.

"अरे येड्या, अठरा दिवस राहिलेत. आज नाव खाली गेलं तर बस मग जन्मभर नाईक म्हणून. दम काढ की जरा."

त्यानं पाय टेकवून बघितला. मग म्हणाला, "तुम्ही म्हणता तर काढतो."

मी नावावर रेघ मारली. पट्टी न लावता, घाईत, वाकडी रेघ. अजून दिसते ती मला.

०९०० ला पाच जणांची पेट्रोल, म्हणजे गस्तीची तुकडी, खाली निघायची होती, टपाल आणि औषधं आणायला. वाट सुदामला पाठ, म्हणून तो पुढं. त्याच्या मागं दहा पावलांवर मी. आमचे पोस्ट कमांडर एक तरुण लेफ्टनंट होते. निघताना त्यांनी विचारलं, "सब फिट?"

"सब फिट, साहब," मी म्हणालो.

०९५० ला आम्ही नाल्याच्या वरच्या उतरणीवर होतो. ऊन होतं. वाट कोरडी होती, बर्फाचा कण नव्हता. हे मुद्दाम सांगतो, कारण रिपोर्टात 'पाय घसरला' असं आहे. पाय घसरला नाही. सुदामनं उजवा पाय खाली टाकला, अंगावरचं सगळं वजन त्याच्यावर आलं, आणि ओला दोर तुटावा तसा आवाज मला ऐकू आला. गुडघा जागेवर दुमडला. तो कडेवरून चाळीस फूट खाली खडकात गेला.

सहा मिनिटांत आम्ही त्याच्यापाशी होतो. शुद्धीवर होता. छातीला मार होता, तोंडात रक्त येत होतं. मी पायाची पँट कापली. वाटीच्या वर, जिथं मांडीचा स्नायू हाडाला धरतो, तिथं माझी दोन बोटं आत जातील एवढा खड्डा होता. स्नायू वाटीपासून सुटून वर गेला होता.

मी रेडिओ घेतला. "कॅजुअल्टी वन. फॉल. सीरियस. हेलिकॉप्टर चाहिए. ओव्हर."

"नीचे वेदर पॅक है. वेट करो. ओव्हर."

"वेट नहीं हो सकता. ओव्हर."

"वेट. आउट."

आमच्या डोक्यावर ऊन आणि खाली सगळी दरी ढगानं भरलेली. सुदामनं माझी बाही धरली.

"दादा, पायाला हुकूम दिला. ऐकलाच नाय त्यानं."

"बोलू नको."

"कांताला गुडघ्याचं सांगू नका. घसरला म्हणा."

कांता म्हणजे त्याची बायको. मी हो म्हणालो. दोन कोट आणि दोन काठ्यांचं स्ट्रेचर केलं आणि चालू लागलो. १२४० ला त्याचा श्वास थांबला. कुणी स्ट्रेचर खाली ठेवलं नाही. १५१० ला आरएमओंनी त्याला तपासलं आणि टोपी काढली.

इन्क्वायरीत मी 'घसरला' सांगितलं. चितेगावला अंत्ययात्रेत कांतावहिनींना तेच सांगितलं. मनाला म्हणायचो, मेलेल्या माणसाचा शब्द पाळतोय. कसला शब्द! माझी वाकडी रेघ मी त्याच्या शब्दाखाली झाकून ठेवली होती.

पुढं मी नायब सुभेदार म्हणून रिटायर झालो. हर्सूलला घर बांधलं. सकाळी तलावाकडं चक्कर मारायची, ती गेल्या वर्षापासून जमेना. पायऱ्या उतरताना उजव्या वाटीच्या वर कळ यायची. बायको म्हणाली, डॉक्टरला दाखवा. मी म्हणालो, "होतंय की कमी." पाच महिने मी हेच म्हणत होतो. शेवटी तिनं रिक्षा दारात आणून उभी केली.

डॉक्टर तरुण मुलगी होती. तिनं एक्स-रे उजेडात धरला आणि वाटीच्या वरच्या कडेवर पेनानं दाखवलं. तिथं बोराच्या काट्याएवढं टोक बाहेर आलं होतं.

"काका, मांडीचा स्नायू इथं हाडाला चिकटतो. वर्षानुवर्षं तिथं ओढ बसली की शरीर तिथं जास्तीचं हाड घालतं. ते टोक एवढं घाबरण्यासारखं नाही. शेजारचा स्नायूचा दोर झिजलाय, त्याला जपायचं. उतारावर सगळा भार त्याच्यावरच येतो. कधीपासून दुखतंय?"

"आत्ताआत्ता." खोटं तोंडातून आपोआप आलं.

"बरं होईल. वजन उचलायचं नाही, उतार टाळायचा, आणि शिकवीन ते व्यायाम करायचे. तीन महिने धरा."

"ऑपरेशन?"

"बहुतेकांना लागतच नाही."

मी तिला विचारलं, बत्तीस वर्षांच्या माणसालाही एवढंच लागलं असतं का? ती म्हणाली, तरुण असेल तर अजून लवकर. मी एक्स-रेचं पाकीट उचललं आणि बाहेर बाकावर येऊन बसलो. तीन महिने! रडू आलं मला. शेजारच्या बाईंनी विचारलं, "लई दुखतंय का हो?" मी व्हय म्हणालो.

पंधरा दिवसांनी सुदामच्या स्मृतिदिनाचं पुण्यानुमोदन होतं. दरसाल मी जातो. वहिनींच्या घरी बुद्धमूर्तीपुढं मेणबत्त्या लागतात, बाजूला वर्दीतला सुदाम असतो. वंदनेला सगळे सतरंजीवर बसतात. यंदा मला खाली बसता येईना. कुणीतरी प्लॅस्टिकची खुर्ची दिली. सगळ्यांच्या मागं, उजवा पाय लांब करून, वाटीवर हात ठेवून मी बसलो. वंदना चालू असताना वहिनी दोनदा मागं वळून बघत होत्या.

जेवणं झाली, माणसं पांगली. त्या माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या.

"भाऊजी, कधीपासून दुखतंय?"

"वर्ष झालं." या वेळी खरं बोललो.

"यांचा हात बी असाच असायचा. तिथंच."

मी वाटीवरचा हात काढला. म्हणालो, "वहिनी, सुदाम घसरला नव्हता." आणि सगळं सांगून टाकलं. खिळा, अठरा दिवस, रेघ, 'सब फिट'. एवढ्या वर्षांत कुणापुढं न बोललेलं. त्या उभ्याच होत्या. मला वाटलं, आता हाकलतील. हाकललं असतं तर बरं वाटलं असतं.

"मला ठावं हाय," त्या म्हणाल्या. "निरोप आला तवाच कळलं, गुडघाच असंल. शेवटच्या सुट्टीत त्यांना जेवायला मांडी घालता येत नव्हती. म्या एरंडाची पानं गरम करून बांधायची. ते म्हणले, डॉक्टरला दाखवतो. म्याच म्हणलं, आता नका. हवालदार झाल्यावर फॅमिली क्वार्टर मिळंल, सोबत राहता येईल. तवर दम काढा."

माझाच शब्द. दम काढ.

"मला वाटायचं, हे कुणालाच ठावं नाय. म्या एकटीच." मग हळूच विचारलं, "जाताना माझं काय बोलले का ते?"

मी म्हणालो, "कांताला गुडघ्याचं सांगू नका, एवढंच."

त्या सतरंजीवर बसल्या, पदर तोंडाला लावला आणि मोठ्यानं रडल्या. इतकी वर्षं मी समजत होतो, सुदाम आपली फजिती झाकतोय. तो बायकोला वाचवत होता, आणि ते मला त्या दिवशी कळलं. मीही खुर्चीतून उतरलो. गुडघ्यानं नको म्हटलं, तरी त्यांच्याशेजारी खाली बसलो. दोघंही सुदामच्या फोटोकडं बघत राहिलो.

ते रजिस्टर आता कुठं असेल माहीत नाही. म्हणून इथं लिहून ठेवतो. नाईक सुदाम, चितेगाव. वेळ ०७१५. उजवा गुडघा, वाटीच्या वर, उतरताना दुखतो. स्वतः रिपोर्टला हजर. उतारावर पाठवू नये. तीन महिने विश्रांती द्यावी.