सखूबाईंचा अंगठा

घोडेगावच्या बाजारात काल एका शेतकऱ्याने वय ओळखायला बैलाचं तोंड उघडून दात पाहिले, आणि मी थेट तीस वर्षं मागे गेले, प्रवरेच्या काठावर.

तिथे आमचं उत्खनन चाललं होतं. आदिमानवाची दगडी हत्यारं सापडत होती, पण ज्या जनावरांची तो शिकार करायचा, त्यांचं एक हाडही मिळत नव्हतं. शेवटच्या दिवशी गोट्यांच्या थरात माझ्या खुरप्याला एक जबडा लागला. उत्खननाचे प्रमुख असलेल्या आमच्या सरांनी लांबूनच पाहिलं. "पुरात वाहून आलेलं ढोर असेल. टाकून दे."

माझा चेहरा पडला. आमच्याकडे खोदकामाला येणाऱ्या सखूबाईंचे वडील जनावरांचे दलाल होते. सखूबाईंनी जबडा मांडीवर घेतला, पदराने पुसला आणि सवयीने दातांवरून अंगठा फिरवला.

"जुळलेला हाय, समदे दात आल्यात. पर बाई, येवढा दांडगा बैल आमच्या बाजारात कदी आला न्हाई. आन ह्यो हाडाचा न्हाई, दगडाचा लागतोय."

सर धावत आले. त्यांनी दगडाने हलकेच ठोकलं, तर खणकन आवाज आला. हाडाचा दगड झाला होता! आदिमानवाच्या काळातला रानबैल होता तो. सरांनी टोपी हवेत उडवली, आणि आम्ही सगळे त्या खड्ड्यातच नाचलो.

कित्येक वर्षं मी तो जबडा माझा शोध म्हणून मिरवला. काल मात्र मला तो अंगठाच दिसत राहिला. मला सापडलं होतं नुसतं हाड. सखूबाईंनी त्याचा पुन्हा बैल केला; हजारो वर्षांनी कुणीतरी त्याचं वय पाहिलं होतं.